भांडणारी पोरं

बस गं बेटा, खोल्या दाखवते ना — वरच आहेत, पळून थोडीच चालल्या! टीव्हीवरचं एवढं भांडण होऊ दे. तमिळ पिक्चर आहे, हिंदीत बोलून राहिले सगळे. तो पांढऱ्या लुंगीतला म्हातारा दिसला? डॉन आहे. त्याला दोन पोरं, अन् दोघांचाही डोळा बापाच्या खुर्चीवर. तर म्हाताऱ्यानं काय केलं — थोरल्याला गुपचूप सांगितलं, खुर्ची धाकट्याला देतो. धाकट्याला सांगितलं, थोरल्याला देतो. काहून? अगं, पाहायचं होतं त्याला, कोणाला किती हवी ते. बस्स, निघाले कोयते! कसे धावून आले बघ, बापाच्या अंगणात, दोघंही — किती वर्षांनी एका जागी आले! तिसऱ्यांदा पाहून राहिली मी, तरी इथं डोळे भरतातच.

रडण्यासारखं काय आहे म्हणतेस? अच्छा, चहा घे आधी. मलाही दोनच. अनुपम पुण्याला, गौरांग कॅनडात. आमचे हे फॅक्टरीत होते — रिटायर झाल्यावर सगळा पैसा इथंच, या हिंदी मुलखात, अधारतालच्या घरात घातला, वर दोन खोल्या, एकेकाची एकेक. पुढं भांडण नको म्हणून खिडक्यासुद्धा सारख्या. मग हे गेले, राहिली मी. अन् मागच्या महिन्यात हा पिक्चर पहिल्यांदा पाहिला — हसू नको हं — दुसऱ्याच दिवशी अनुपमला फोन लावला, म्हटलं घर गौरांगच्या नावानं करून राहिली. गौरांगला सांगितलं, अनुपमच्या. मनात म्हटलं, आता पेटतं बघ! एक तरी तणतणत येईल. निदान एकमेकांना तरी फोन करतील.

अनुपम म्हणाला, "छान केलंस आई, मला तसंही तिकडं यायचं नाही." गौरांगनं तर अंगठा पाठवला — तो फोनमधला, पिवळा. झालं भांडण!

लोक म्हणतात, त्या डॉनची पोरं नालायक. मला तर हेवा वाटतो बाई त्याचा. मरतो शेवटी, पण मरताना दोघं समोर असतात ना.

काय? भाडं? नाही बेटा, राग मानू नको — खोल्या द्यायच्या नाहीत. हो, फाटकावर 'खोल्या भाड्यानं' अशी मराठीत पाटी मीच लावली. कोणीतरी विचारायला येतं, दोन शब्द मराठीत होतात. पण द्यायच्या कशा? उद्या दोघं भांडायला आले, तर झोपतील कुठं?

चलो, ये आता. फाटक ओढून घे.