चूलबंद आमंत्रण

आमच्या घरचा एक नियम आहे: राजवाड्याचं बोलावणं आलं की फक्त पुरुषांनी जायचं, आणि ‘काहून’ असं विचारायचं नाही. राज्य केव्हाच गेलं, नियम तेवढा राहिला.

यंदा धाकट्या राजेसाहेबांचं लग्न निघालं. गांधीबागेतल्या आमच्या दुकानातून तिकडे पिढ्यान्‌पिढ्या फेटे जातात, म्हणून आम्हाला मान. अक्षता घेऊन आलेला माणूस दारातच म्हणाला, “चूलबंद आमंत्रण आहे जी!” म्हणजे घरातल्या प्रत्येकाने जेवायला यायचं, घरी चूल पेटवायची नाही. आजोबांनी ही बातमी अख्ख्या गल्लीत मिरवली. आईने जरीची साडी इस्त्री करून ठेवली.

लग्नाच्या संध्याकाळी आजोबा, बाबा आणि काका फेटे बांधून निघाले. जाता जाता आजोबा म्हणाले, “सूनबाई, तुमच्यापुरती खिचडी टाकून घ्या.”

आई उठलीसुद्धा! मी स्वयंपाकघराच्या दारात आडवी उभी राहिले.

“आजोबा, चूलबंद आमंत्रणात खिचडी कशी शिजते?”

“रीत आहे ते, पोरी.”

“हिचं तोंड लय चालून राहिलं,” काका म्हणाले.

“चालूच द्या. राजाने चूल बंद करायले सांगितली, तुम्ही पेटवायले सांगून राहिले. अपमान कोणाचा? मी नाही पेटवू देणार. आणि गल्लीने विचारलं, तर हेच सांगीन.”

आई मला बाजूला सारून स्वयंपाकघरात गेली. तेवढ्यात आतून आवाज आला, खट्‌. आईने सिलिंडरचा रेग्युलेटर बंद केला होता.