दावा लावणाऱ्या बाईंना चहा

हसू नका गं, पण परवा मी जाम घाबरले होते. शाहूपुरीतला आमचा फ्लॅट बँकेच्या लिलावात घेतलेला, हे तुम्हाला ठाऊकच आहे. आता जुने मालक तो लिलाव रद्द करा म्हणून कोर्टात गेलेत. कोर्टाने ऐकलं तर घर त्यांचं, आणि आम्ही तान्ह्या पोराला घेऊन जायचं कुठं?

दुपारी बेल वाजली. दारात एक बाई उभ्या. म्हणाल्या, "मी हितलीच. म्हंजे, तुमच्या आधीची."

म्हणजे दावा लावणाऱ्या त्याच! एवढी शिकलेली मी, दार लावून घ्यायचं सोडून म्हणाले, "या ना, बसा."

त्या बसल्या नाहीत. भिंतीवरून हात फिरवत म्हणाल्या, "खिळं लई मारलायसा की! आता नगा मारू. निकाल आमच्याच बाजूनं लागणार हाय."

"नाही मारणार," मी म्हणाले. कबूलसुद्धा करून बसले!

मग चहा केला. निघताना सवाष्णीला तसंच कसं पाठवायचं, म्हणून हळदीकुंकू लावलं आणि सवयीनं म्हणूनही गेले, "या हं परत."

"येणारच की," बाळाचा गालगुच्चा घेत त्या म्हणाल्या, "आपलं घर सोडून कुठं जातोय?"

संध्याकाळी बेसिनमधला जादा कप बघून नवऱ्यानं विचारलं, "कोण आलं होतं गं?"

मी घाबरून खरं काय ते सांगायला गेले, आणि तोंडातून निघालं, "घरमालकीण."