पांढरं कॅमेऱ्याला खुपतं

न्हाय न्हाय, तसं धरू नगा पावणं, अजून वल्ल्या हायत — चहाचा रंग हाताला लागंल. तुमच्या डायरेक्टरसायबांना सांगा, आक्काताईनं सगळ्या साड्या मळवून ठेवल्यात. ही बघा, हितं वीट घासलीया, पदराला पॉलिशपेपर मारलाय. मंगळवार पेठेत पंचवीस वर्सं लाँड्री चालवली, लोकांचे डाग काढले, अन् आता डाग पाडायचं काम — हसा की, मीबी पहिल्या दिशी हसलेच.

कादंबरी वाचलीय का तुम्ही? न्हाय? पिच्चर काढताय अन् — असू दे. आमच्या मावसभावानं लिवलीया, कालिजात शिकवत्यात. त्यात एक बाई हाय बघा — छप्पन साली दीक्षा घेतली अन् पांढरीफेक साडी नेसून भर बाजारातनं चालत गेली. लोकांनी शेण मारलं. घरला आली, साडी धुतली, निळीत काढली, अन् दुसऱ्या दिशी तीच नेसून परत बाजारात. ती बाई म्हंजे आमची आय. मी सायबांना म्हटलं की, पुस्तकात पांढरी लिवलंय. तर म्हणले, मावशी, पांढरं कॅमेऱ्याला खुपतं, अख्ख्या पिच्चरचा रंग मातकट ठेवलाय, गरिबी दिसाय पायजे. गरिबी व्हतीच की — पण मळकी कुठं व्हती?

अन् ही जुनी, वायली, बाजूला ठेवलीया ती — आयची हाय. तीच ती. खरी साडी बघून सायबांचं मन फिरंल म्हणून मीच पेटीतनं काढून मुरगूडला शूटिंगवर घेऊन गेलते. सायेब लई खूश. अस्सल हाय म्हणले, हिरॉइनला हीच देऊ. अन् वर म्हणले, तेवढी हिलाबी मळवा. न्हाय म्हणायचं सोडून मी मान हलवली. सकाळी पातेल्यात चहापत्ती उकळली अन् माझ्याच हातानं — जिनं आयुष्यभर डाग टिकू दिला न्हाय, तिच्या साडीला — मग दोनदा धुऊन बघितली. निघत न्हाय. मला ठावं हाय की, माझा धंदाच हाय त्यो.

आय शहाऐंशीची हाय आता. नजर अधू झालीया, पांढरं तेवढं कळतं. पिच्चरमधी माझी साडी दिसणार म्हणून पेठभर सांगत सुटलीया, अन् मी व्हय व्हय म्हणते. दुसरं काय म्हणू?

घ्या, उचला गठुडं. तिकडनं नगा, पावणं. मागच्या दारानं जावा. पुढं आय बसलीया.