दिसतंय तेवढ्यात

रामकिशन : सिस्टरबाई, डॉक्टरीणबाई आत्ता जाता जाता आमच्या सिंधुबद्दल काय म्हणल्या?

जोहरा सिस्टर : नॉर्मल आहे म्हणाल्या. बसा तुम्ही, भाऊ.

रामकिशन : त्याच्या आधी एक शब्द होता.

जोहरा सिस्टर : क्लिनिकली. क्लिनिकली नॉर्मल आहे, असं म्हणाल्या.

रामकिशन : हाव, तोच. ऊठ सिंधे. चप्पल घाल.

सिंधु : पप्पा, पोट दुखून राहिलंय.

रामकिशन : घरी दुखू दे. ऊठ.

जोहरा सिस्टर : हात सोडा तिचा. काय झालं तुम्हाला एकदम? सकाळी तुम्हीच तर तिला खांद्यावर टाकून पळत आणलंत.

रामकिशन : माझा धाकला भाऊ सुदर्शन मोटरसायकलवरून पडला होता. नांदेडला नेला. मशीनवर छाती वर-खाली होऊन राहिली होती. अंग गरम. मी सोता हात लावून बघितला. आन् डॉक्टर भाईर आला आन् म्हणला, क्लिनिकली डेड. ह्योच शब्द. जिथं ह्यो शब्द निघाला, तिथं मी लेकरू ठेवत न्हाई.

सिंधु : काका मेला तो शब्द?

जोहरा सिस्टर : नाही गं. तू पड. भाऊ, इकडे या, दाराशी. तिच्यासमोर नको. हा शब्द आम्ही दिवसभर म्हणतो. क्लिनिकली कावीळ वाटते. क्लिनिकली मलेरिया वाटतो. म्हणजे माणसाकडे बघून, हात लावून, त्याला विचारून जेवढं कळलं, तेवढ्यावरून बोलतोय. रक्ताचं, फोटोचं बोलत नाही.

रामकिशन : मंग माझ्या भावाला कसा लावला?

जोहरा सिस्टर : त्यांच्याही डोळ्यांत उजेड टाकून बघितला असेल, श्वास बघितला असेल. मी तिथे नव्हते, मला माहीत नाही. पण तो शब्द मेल्याचा नाही. जिवंतपणाचाही नाही. कळलं कसं, एवढंच तो सांगतो. काय कळलं, ते त्याच्या पुढचा शब्द सांगतो.

रामकिशन : आन् हिच्या पुढचा शब्द नॉर्मल.

जोहरा सिस्टर : आत्ता तरी.

रामकिशन : मंग झालं की! नाहक भिववलं मला. मन्मथची जीप भाईर उभी हाय. धा सवाऱ्या खोळंबल्यात. हॉर्न ऐका त्याचा.

जोहरा सिस्टर : वाजू द्या. तिला आज दिवसभर आणि उद्यापर्यंत इथेच ठेवायचंय.

रामकिशन : नॉर्मल माणसाला?

जोहरा सिस्टर : क्लिनिकली नॉर्मल माणसाला.

रामकिशन : तुम्ही बी लई पक्क्या हाव. बरं, मला सांगा, दात कुठं उमटलाय? म्या तिचे हात, पाय, मान, सगळं धुंडाळलं. एक ठिपका न्हाई. माझी म्हातारी माय सकाळी हिची वाकळ घडी करायला गेली आन् त्यातून साप निघाला, एवढंच. चावला कशावरून?

जोहरा सिस्टर : कसा होता साप?

रामकिशन : सांगितलं की मघाशी. काळा. पाठीवर पांढरे पट्टे, बांगड्यावानी.

जोहरा सिस्टर : मण्यार. तिचा दात बहुतेक वेळा दिसत नाही. सुजत नाही, दुखत नाही. झोपलेल्या माणसाला कळतही नाही. आणि सकाळी उठल्यावर पोट दुखतं.

रामकिशन : हिचं बी पोटच दुखून राहिलंय.

जोहरा सिस्टर : म्हणून मी तुम्हाला बसा म्हणते.

रामकिशन : पण आम्ही घरी तपासलं. लिंबाचा पाला चावायला दिला. इख चढलं तर पाला गोड लागतो. हिला कडू लागला. थू थू करून राहिली. विचारा तिला.

सिंधु : लई कडू होता. पप्पांनी मूठभर दिला.

जोहरा सिस्टर : तुमची ती तपासणीही क्लिनिकलीच झाली, भाऊ. तुम्ही जिभेला विचारलंत, डॉक्टर मॅडमनी पापण्यांना विचारलं.

रामकिशन : हसून राहिल्या का मला?

जोहरा सिस्टर : नाही. खरंच सांगते. फरक एवढाच, की या सापाचं विष जिभेची चव नेत नाही. ते पापण्या पाडतं. मग गिळता येत नाही, मान उचलता येत नाही. मग श्वास.

रामकिशन : हळू बोला.

जोहरा सिस्टर : हळूच बोलतेय.

रामकिशन : रक्त काढलं होतं ना? काचंच्या नळीत ठिवलं होतं. त्यात काय निघालं?

जोहरा सिस्टर : रक्त छान गोठलं. म्हणजे घोणस नाही. मण्यारीचं रक्तात कळत नाही. तिच्यासाठी इथे कुठलंही यंत्र नाही. माझे डोळे आहेत, मॅडमचे आहेत, आता तुमचेही.

रामकिशन : मंग ते सापाचं इंजेक्शन देऊन टाका. वाट कशाची बघून राहिल्या?

जोहरा सिस्टर : ते औषधही उलटतं कधी कधी. अंगावर गांध्या येतात, रक्तदाब पडतो. लक्षण नसताना नुसत्या संशयावर द्यायचं नसतं. बाटल्या काढून ठेवल्यात. त्या टेबलावर दिसतात ना, त्याच.

रामकिशन : म्हंजे लेकरू बिघडायची वाट बघायची.

जोहरा सिस्टर : बिघडतंय का, याची. आणि बिघडलं तर पहिल्या खुणेला पकडायचं. सिंधु, सुट्टी नसताना शाळेच्या वसतिगृहात राहतेस ना तू? रेल्वेलाइन जवळ आहे?

सिंधु : हाव. खिडकीतून दिसते गाडी. मला सगळी टेसनं पाठ हायेत.

जोहरा सिस्टर : मग एका दमात म्हण बघू. श्वास घ्यायचा नाही मध्ये.

सिंधु : किनवट-बोधडी-सहस्रकुंड-हिमायतनगर-भोकर-मुदखेड-नांदेड! अजून म्हणू? परत येताना बी येतं मला.

जोहरा सिस्टर : बस, बस. शाब्बास. थोड्या वेळानं परत विचारेन.

सिंधु : हे बी तपासणं हाय का?

जोहरा सिस्टर : हो.

सिंधु : मंग सुईपरीस बरं हाय.

रामकिशन : बघा, कशी चुरूचुरू बोलून राहिली. कुठं काय हाय तिला? मन्मथची जीप गेली की सांजच्यापर्यंत गाडी न्हाई. म्हातारी मारुतीच्या पारावर बसली हाय समदं गाव घिऊन. लोक म्हणून राहिले, देवळात आणा, पाणी पाजा, धागा बांधा.

जोहरा सिस्टर : धागा इथे मागवून घ्या. मी बांधू देते. पण सलाइनचा हात सोडून.

रामकिशन : तुम्ही बांधू द्याल?

जोहरा सिस्टर : धाग्यानं पापण्या झाकत नाहीत. मला पापण्या दिसल्या की झालं.

रामकिशन : थांबा, फोन. हिच्या मायचा. धर्माबादला गेली बहिणीकडं. तिला कोणी खबर दिली? काय सांगू मी आता?

जोहरा सिस्टर : खरं सांगा.

रामकिशन : हालो. हाव. हाव, दवाखान्यात हाव. न्हाई, रडू नको. आधी ऐक. बरी हाय ती... बरी म्हंजे... डॉक्टर म्हणल्या, क्लिनिकली बरी हाय. ... क्लिनिकली. ... अगं तू नको मला इंग्रजी विचारू! म्हंजे, दिसतंय तेवढ्यात बरी हाय. ... न्हाई, न दिसणारं माहीत न्हाई. ... डॉक्टरला बी माहीत न्हाई. ... मण्यार म्हणतेत. ... ओरडू नको. ... जीप हाय ना भाईर, मी म्हणत होतो की... ... बरं. ... बरं म्हणलं ना. ... हाव.

जोहरा सिस्टर : काय म्हणाल्या?

रामकिशन : म्हणली, जीप जाऊ दे. म्हणली, न दिसणारं दिसंस्तवर लेकराला हलवलं तर मला तोंड दाखवू नको. ती निघाली तिकडून. नांदेडवरून येईल.

जोहरा सिस्टर : शहाणी आहे.

रामकिशन : हाय. मी तिला "बरी हाय" एवढंच सांगणार होतो. तोंडातून निघंनाच. ह्यो शब्द मधी आला. ... मन्मथ! ए मन्मथ! जा तू! हाव, जा! आम्ही ऱ्हातो!

जोहरा सिस्टर : आता बसा इथे, तिच्या उशाशी.

रामकिशन : तुम्हाला भ्या वाटत न्हाई का, बाई? रोजचंच असंल तुमचं.

जोहरा सिस्टर : वाटतं. तुम्हाला दिसू देत नाही. माझ्या पहिल्या वर्षी एक बाई आली होती. पोट दुखतंय म्हणाली. आम्ही पोटाचंच औषध देत राहिलो. ती "झोप येते" म्हणाली, आम्ही झोपू दिलं. तेव्हापासून कुणी झोप येते म्हटलं की मी तपासल्याशिवाय झोपू देत नाही.

सिंधु : सिस्टर, मला झोप येऊन राहिली.

रामकिशन : सिंधे!

जोहरा सिस्टर : ओरडू नका. सिंधु, स्टेशनं म्हण. एका दमात.

सिंधु : किनवट, बोधडी, सहस्र... सहस्रकुंड, हिमायत...

जोहरा सिस्टर : पुढे?

सिंधु : दम सरला.

रामकिशन : दमली ती. पहाटंपासून उपाशी हाय. पोट दुखून राहिलं, म्हणून. हाव ना, सिंधे?

जोहरा सिस्टर : सिंधु, माझ्याकडे बघ. आता डोकं हलवायचं नाही. फक्त डोळे वर. पंख्याकडे बघ.

सिंधु : कोणत्या?

जोहरा सिस्टर : काय म्हणालीस?

सिंधु : कोणत्या पंख्याकडं बघू?

रामकिशन : कोणत्या म्हंजे? सिंधे, एकच पंखा हाय की. एकच हाय ना, बाई?

जोहरा सिस्टर : एकच आहे. मॅडम! मॅडम, सिंधुला एकाचे दोन दिसतायत! पापण्या अर्ध्यावर! ... हो, डावी जास्त! ... हो, औषध लावते! हो, रुग्णवाहिकेच्या ड्रायव्हरला सांगते! भाऊ, तिचा हा हात धरून ठेवा. हलू देऊ नका. सलाइनमधून औषध सोडतेय.

रामकिशन : डॉक्टरीणबाई येऊन नाही राहिल्या?

जोहरा सिस्टर : पलीकडे बाळ अर्धं बाहेर आलंय. ते हातात आलं की येतील. काय करायचं ते सांगितलंय मला. सिंधु, खाज सुटली, थंडी वाजली तर लगेच सांग.

सिंधु : सिस्टर, डोळे उघडे हायेत का माझे?

जोहरा सिस्टर : थोडे.

सिंधु : मी उघडून राहिले. उघडंनात.

रामकिशन : ऱ्हाऊ दे, माय. मी बघतो तुझ्यासाठी. ऱ्हाऊ दे.

(रुग्णवाहिका नांदेडच्या वाटेवर आहे. जोहरा सिस्टर दोन्ही हातांनी सिंधुच्या तोंडावर मास्क दाबून धरून आहेत. मास्कला जोडलेला हवेचा फुगा रामकिशनच्या हातात आहे.)

जोहरा सिस्टर : दाबा. सोडा. घाई नको. तिची छाती उचलली की सोडायचं. दाबा.

रामकिशन : एवढं औषध दिलं, तरी खालीच चालली ना?

जोहरा सिस्टर : औषध मोकळं फिरणारं विष पकडतं. जे नसांच्या टोकांवर बसलंय, ते उतरायला वेळ घेतं. तेवढा वेळ तिला कुणीतरी श्वास द्यायचा. नांदेडला मशीन देईल. तोवर आपण. सोडा.

रामकिशन : हात गार हाय हिचा. डोळ्याची पापणी उचलली तुम्ही, बुबुळ हललं न्हाई. बोट हलत न्हाई. बाई, सुदर्शन असाच दिसून राहिला होता.

जोहरा सिस्टर : माहीत आहे.

रामकिशन : आता क्लिनिकली काय म्हणायचं हिला? खरं सांगा.

जोहरा सिस्टर : आता तो शब्द वापरायचा नाही. सकाळी डोळ्यांशिवाय आपल्याकडे काही नव्हतं. आता डोळेच खोटं सांगतायत. नुसतं बघून कुणी बोललं, तर चुकीचं बोलेल. मीसुद्धा.

रामकिशन : मंग काय धरून बसायचं?

जोहरा सिस्टर : नाडी आहे. माझ्या बोटाखाली आहे, जबड्यापाशी. आणि विष स्नायूंवर बसलंय, डोक्यात नाही. तिला सगळं कळतंय. तिला ऐकू येतंय.

रामकिशन : कशावरून?

जोहरा सिस्टर : अशी माणसं बरी होऊन उठतात तेव्हा सांगतात. कोण काय बोललं, कोण रडलं. दाबा.

रामकिशन : म्हंजे मी आत्ता सुदर्शनचं बोललो, ते ऐकलं हिनं?

जोहरा सिस्टर : ऐकलं असेल.

रामकिशन : या देवा.

जोहरा सिस्टर : थांबू नका! हात चालू ठेवा. आता दुसरं काहीतरी बोला तिच्याशी. अंधारात पडलीय ती. हलता येत नाही आणि काय चाललंय ते माहीत नाही. मोठ्या माणसालाही भीती वाटेल.

रामकिशन : बोलू का हात चालवू? मला दोन्ही जमंना.

जोहरा सिस्टर : जमेल. छाती उचलली की सोडा, आणि सोडल्यावर बोला.

रामकिशन : सिंधे... सिंधे, पप्पा हाय. भिऊ नको. तुझ्या छातीत आता जे येऊन राहिलं ना, ते वारं न्हाई. मी हाय.