दोरवाल्यांच्या गल्लीत पडलेलं पाणी

मी, या कागदाखाली सही करणारी, वय ४४ वर्षे, धंदा पर्यटकांना जुने शहर दाखवणे, राहणार बस आगारामागील वसाहत, दुसरा जिना, तिसरा मजला, आज पोलीस ठाण्यात स्वतः हजर आहे. विचारल्यावरून घडलेली हकीकत सांगते की,

मी वरील पत्त्यावर सासू, पती व कॉलेजात जाणारी मुलगी यांच्यासह राहते. बरीच वर्षे एका खासगी कंपनीत गाइड म्हणून काम करते. माझ्या सासूबाई या कामाला 'उंडारणे' म्हणतात. आमची सफर दीड तासाची असते. बाजाराच्या कमानीपासून जुन्या धक्क्यापर्यंत आम्ही पायी जातो. वाटेत वेगवेगळ्या धर्मांची प्रार्थनास्थळे, एक बंद छापखाना, परदेशी खलाशांची दफनभूमी आणि शेवटी दोरवाल्यांची गल्ली येते. कुठे काय बोलायचे ते ऑफिसने लिहून दिलेले आहे. त्यात आपल्या मनाचे घालायचे नाही. ऑफिसचे माणूस कधी कधी पर्यटक बनून गटात चालते, त्यामुळे घालताही येत नाही.

हवालदारसाहेबांनी मला मुद्द्याचे बोलायला सांगितले आहे. मी मुद्द्याचेच बोलत आहे.

आज सकाळच्या गटात एक कुटुंब, दोन निवृत्त शिक्षिका आणि मोठा कॅमेरा गळ्यात घातलेले एक गृहस्थ होते. हे गृहस्थ प्रत्येक ठिकाणी "हे अस्सल आहे ना?" असे विचारत होते. दफनभूमीतही त्यांनी तेच विचारले. ऊन बरेच होते आणि कुटुंबातल्या आजींना बसायला जागा हवी होती, ती कुठेही मिळत नव्हती. सगळ्यांना आता सफर संपावी असे वाटत होते. मलाही वाटत होते.

दोरवाल्यांच्या गल्लीत आम्ही नेहमीच्या जागी, चष्म्याच्या दुकानासमोर थांबलो. माझ्या कमरेला स्पीकर असतो व तोंडाशी माईक. मी ठरलेला मजकूर बोलले. समुद्रापलीकडून आलेले लोक इथे जहाजांचे दोर वळत असत. लांब दोर वळायला लांब जागा लागते, म्हणून ही गल्ली कुठेही न वळता नाकासमोर गेली आहे. त्यानंतरचे वाक्य असे आहे : "आज त्यांच्यापैकी इथं कुणीही उरलेलं नाही. उरली आहे ती फक्त ही गल्ली." यानंतर काही क्षण गप्प राहावे अशी ऑफिसची सूचना आहे. लोक तिथे हळहळतात. मी गप्प राहिले आणि वरून पाणी पडले.

पाणी साबणाचे होते. बरेचसे माझ्यावर पडले, उरलेले कॅमेऱ्यावर. स्पीकर खरखरला व बंद पडला. दोन शिक्षिकांपैकी एकीला तो सफरीचाच भाग वाटला. त्यांनी टाळ्या वाजवल्या.

मी व कॅमेरेवाले गृहस्थ जिन्याने वर गेलो. दार एका वयस्कर गृहस्थांनी उघडले. त्यांच्या दोन्ही बाह्या ओल्या होत्या. हवालदारसाहेब इथे 'सदर इसम' असे लिहीत होते. मी त्या गृहस्थांना 'काका' म्हणाले होते, तेव्हा तेच लिहावे असे मी सांगितले.

काका म्हणाले, "या. चपला ओल्या असतील तर बाहेरच काढा."

कॅमेरेवाले ओरडले, "तुम्ही माझ्यावर पाणी टाकलंत!"

"तुमच्यावर नाही, या बाईंवर टाकलं. तुम्ही मधे आलात."

मी त्यांना विचारले, "काका, मी तुमचं काय वाकडं केलंय?"

त्यांनी मलाच उलट विचारले, "तुम्ही मला ओळखता?"

"नाही."

"मग मी मेलो हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

मला काही उमजले नाही. तेव्हा त्यांनी मला खिडकीशी नेले व खाली बोट दाखवले. बरोबर त्या खिडकीखालीच आमचा थांबा आहे. त्यांचे आजोबा व पणजोबा त्या गल्लीत दोर वळत होते. ते स्वतः याच घरात जन्मले. आयुष्यभर लिफ्टदुरुस्तीचे काम केले. "म्हणजे माझंही पोट दोरावरच भरलं," असे ते म्हणाले. त्यांचे म्हणणे असे की, सकाळी चहाच्या वेळी एकदा आणि दुपारी डोळा लागताना एकदा, माझा आवाज स्पीकरवरून त्यांच्या घरात येतो आणि त्यांच्यातले कुणी उरलेले नाही असे त्यांना सांगून जातो. खिडकी लावून घेतली तरी ऐकू येते. एकदा त्यांनी वरून "अहो, मी आहे की!" अशी हाकही मारली होती. मी म्हणे वर बघून हात हलवला आणि लोकांनी फोटो काढले. मला ते आठवत नाही. रोज पुष्कळ लोक खिडक्यांतून काही ना काही बोलतात.

हे ऐकल्यावर कॅमेरेवाल्या गृहस्थांचा राग एकदम गेला. ते म्हणाले, "म्हणजे तुम्ही त्यांच्यातले शेवटचे? अहो, खिडकीपाशी बसता का जरा?" मग त्यांनी खोलीत इकडेतिकडे पाहिले. जुनी हत्यारे, जुना पोशाख, काही आहे का, असे विचारले. तसे काही नव्हते. टीव्ही होता, प्लॅस्टिकच्या खुर्च्या होत्या, फ्रिजवर औषधांची डबी होती. मीही विचारले, "काका, एखादं जुनं गाणं तरी येतं का?" मी हे का विचारले ते मला आता सांगता येणार नाही.

काका म्हणाले, "गाणं येत नाही. लिफ्ट अडकली तर काढून देतो. जिवंत आहे एवढ्यावर भागत नाही का तुमचं? वर आणखी काही दाखवावं लागतं?"

फोटोसारखे काही नाही असे दिसल्यावर कॅमेरेवाल्यांना आपली लेन्स पुन्हा आठवली. त्यांनी तिथूनच पोलिसांना फोन केला. मी त्यांना थांबवण्याचा प्रयत्न केला. ते म्हणाले, "तुम्ही गाइड आहात, त्यांच्या वकील नाही."

खाली चष्म्याचे दुकान चालवणाऱ्या बाई आवाज ऐकून वर आल्या. त्यांनी मला जिन्यात बाजूला घेतले आणि सांगितले की, घरमालकाला ती खोली रिकामी करून पर्यटकांना राहायला द्यायची आहे. काकांवर पोलीस केस झाली तर त्याला आयतेच कोलीत मिळेल. "बाई, तुमचं पाणी वाळेल हो," त्या म्हणाल्या, "यांचं घर जाईल."

मी ओल्या कपड्यांनीच ऑफिसला फोन लावला. ऑफिसच्या मॅडमनी पहिल्यांदा स्पीकरची चौकशी केली. नंतर म्हणाल्या, "हल्ला झाला म्हणून लिहून दे."

मी म्हणाले, "मॅडम, ते त्याच लोकांपैकी आहेत. आपलं वाक्य खोटं आहे."

"एका माणसाचा समाज होतो का?"

"मग निदान 'कुणीही' हा शब्द काढू?"

"अगं, लोकांना सगळ्यात जास्त तोच थांबा आवडतो. वर एक म्हातारा राहतो म्हणून सांगितलंस तर हळहळतील कशाला? माना वर करून बघत बसतील."

मी फोन ठेवला. त्यानंतर पोलीस आले व मला, काकांना आणि कॅमेरेवाल्यांना ठाण्यात आणले. चष्मेवाल्या बाई दुकान बंद करून आमच्याबरोबर आल्या. कॅमेरेवाल्यांनी तक्रार लिहून दिली व त्यांच्या रेल्वेगाडीची वेळ झाल्याने ते निघून गेले. खाली गल्लीत राहिलेल्या आजींना बसायला मिळाले की नाही, गट परत कसा गेला, याची मला कल्पना नाही.

ठाण्यात काकांना सांगण्यात आले की, घरी जायचे असेल तर कुणी नातेवाइकाने जबाबदारी घेऊन सही करावी. काका ताठ बसून म्हणाले, "मला कुणी नाही. मी एकटाच. आमच्यातला शेवटचा." हे त्यांच्या जबाबात तसेच लिहिले गेले.

तेव्हा चष्मेवाल्या बाई म्हणाल्या, "काका, असं काय करता? आणि ताई?"

"कुठली ताई?"

"कुठली म्हणजे? धक्क्याजवळ शिवणाचं दुकान आहे त्या. तुमची सख्खी बहीण."

काका भिंतीकडे बघत म्हणाले, "आमचं बोलणं नाही."

हवालदारसाहेब म्हणाले, "बोलणं नाही म्हणजे माणूसच नाही, असं कुठं असतं का आजोबा?" त्यांनी बाईंकडून नंबर घेऊन फोन केला.

ताई आल्या तेव्हा त्यांच्या गळ्यात मोजपट्टी तशीच होती. त्या भावाकडे न बघता टेबलापाशी गेल्या व सही कुठे करायची ते विचारले. सही करण्याआधी मजकूर ऐकावा लागतो म्हणून त्यांना तो वाचून दाखवण्यात आला. 'मी शेवटचा' या शब्दांशी त्यांनी हात वर केला.

"थांबा. परत वाचा."

परत वाचले.

ताई भावाकडे वळल्या. "वा रे वा! मला पोचवूनही आलास? कधी मेले मी? निदान मला तरी कळवायचंस!"

 काका खाली मान घालून त्यांच्या भाषेत हळू आवाजात काहीतरी म्हणाले. ताईंनी त्याच भाषेत उत्तर दिले, ते हळू नव्हते. बराच वेळ चालले. पलीकडच्या टेबलावर हरवलेल्या पाकिटाची तक्रार चालू होती, तीही थांबली. मधेच काका हसले, आणि त्यावरून ताई आणखी चिडल्या.

हवालदारसाहेबांनी मला विचारले, "काय म्हणतायत?"

"मला ती भाषा येत नाही."

"तुम्ही त्यांच्याच गल्लीची माहिती देता ना?"

"देते."

"मग?"



ताईंनी सही केली. काकांच्या दंडाला धरून उठवले व सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाल्या, "चल. जेवण तयार आहे माझ्याकडे. तुझ्यासाठी नाही केलेलं, पण चल." दारात त्या माझ्यापाशी थांबल्या. माझे केस अजून चिकट होते. त्या म्हणाल्या, "माझ्या दुकानापर्यंत तुझा आवाज येत नाही ग बाई. नाहीतर बादली मीही उचलली असती." चष्मेवाल्या बाई हसल्या. मला हसू आले नाही.

त्या गेल्यावर मी मॅडमना पुन्हा फोन करून सांगितले की, ते वाक्य मी यापुढे बोलणार नाही. उद्या सकाळच्या सफरीवर दुसरी गाइड जाईल असे मला कळवण्यात आले आहे. ती कोणते वाक्य बोलेल ते मला माहीत आहे. तिच्याकडून ते तोंडपाठ मीच करून घेतले आहे.

माझी काकांविरुद्ध तक्रार नाही. मला इजा झालेली नाही. पाणी मी उभी होते तिथे पडले आणि ते माझ्यासाठीच होते. कॅमेऱ्यावर ते चुकून उडाले, हे काकांनी माझ्यासमोर दारातच सांगितले होते. लेन्स कोरडी केल्यावर गृहस्थांनी ठाण्याच्या पायऱ्यांवर उभे राहून आणखी फोटो काढले, हेही मी पाहिले आहे. घरमालकाने या कागदाचा उपयोग करू नये असे लिहिता येत असेल तर लिहावे, असे मी विचारले. तसे लिहिता येत नाही असे मला सांगण्यात आले. दोर वळणाऱ्या लोकांपैकी दोघे या शहरात राहतात.

हा जबाब मला मोठ्याने वाचून दाखवला. शेवटच्या ओळीत हवालदारसाहेबांनी आधी 'दोघेच या शहरात उरले आहेत' असे लिहिले होते. मी तसे सांगितले नव्हते, कारण मला तसे माहीत नाही. माझ्या सांगण्यावरून 'च' खोडला आणि 'उरले आहेत' खोडून तिथे 'राहतात' केले. खोडलेल्या दोन्ही जागी माझी सही घेतली आहे. बाकी सर्व मी बोलले तसे आहे व खरे आहे.