अर्जात मी लिहिलेला एक शब्द

आम्ही मूळचे श्रीवर्धनकडचे. मदरशात अरबी शिकलो, तेवढ्या भांडवलावर नव्वदच्या सुमाराला शारजात आलो आणि तिथल्या रोल्ला बाजारात टायपिंग सेंटरला लागलो. म्हंजे व्हिसा, पासपोर्ट, सगळ्यांचे अर्ज आम्ही अरबीत भरायचे. सही आधी घ्यायची, टाईप मग करायचं, गर्दीच एवढी. आणि मालकाचा नियम, रकाना रिकामा सोडायचा नाही, अर्ज परत आला तर शिव्या आपल्याला.

शेजारच्या गाळ्यात शेरको सूट शिवायचा. इराकचा, किर्कूकचा, पण इराकी म्हटलं की त्याचं डोकं फिरायचं, मी कुर्द आहे म्हणायचा. मी म्हटलं हा कुठला देश रे बाबा, तर म्हणाला देशच नाही, आमचे डोंगर चार सरकारांनी वाटून घेतले. त्याची मूठभर माणसं होती तिथे, कुणी इराकी पासपोर्टवर, कुणी सीरियाच्या, कुणी तुर्कीच्या, कुर्द म्हणून कागदावर एकही नाही. नवरोजला, म्हंजे त्यांच्या नव्या वर्षाला, पार्कात जाळ करायला बंदी, म्हणून कबाबाच्या शेगडीभोवती हात धरून नाचायचे, मलाही ओढायचे. माझी बायको बाळंत झाली तेव्हा त्याच्या बायकोनं चाळीस दिवस सूप पाठवलं, काय सांगू तुम्हाला, सख्ख्या बहिणीनं केलं नसतं.

त्याच्या बापाचं त्यानंच सांगितलेलं. किर्कूकला सरकारी माणसांनी कागद पुढे केला, कौम, म्हंजे आपण कुठल्या लोकांतले ते, बदला, अरब लिहा, नाहीतर घर सोडा. म्हाताऱ्यानं नाही लिहिलं. घर गेलं, म्हातारा तंबूत मेला. हे सगळं मला माहीत होतं बरं का, माहीत नव्हतं असं म्हणायला तोंड नाही मला.

मग शेरकोचा पासपोर्ट संपत आला. तो संपला की व्हिसा खलास, बायकापोरांसकट बाहेर. नव्याचा अर्ज इराकी सरकारकडे जायचा, त्यात कौमचा रकाना होता. शेरको म्हणाला तो रिकामाच राहू दे, आणि सही करून गेला. आठवडाच उरलेला, रिकामा रकाना गेला तर अर्ज परत येणार, मी अरब टाईप केलं. अर्धं मिनिटसुद्धा लागलं नाही. कागद तो कागद, असंच वाटलं मला. माझ्याच पासपोर्टवर जन्मतारीख एक जून आहे, मास्तरांनी शाळेत घालताना ठोकून दिलेली, आमच्या अर्ध्या गावाची तीच. आमचं त्यानं काय बिघडलं? काही नाही.

पासपोर्ट आला, शेरकोनं मला मिठी मारली, फुकट कोट शिवून दिला. अरब लिहिल्याचं मी त्याला सांगितलं नाही. ईदला तोच कोट घालून त्याच्या घरी जेवायलाही गेलो, एवढा निर्लज्ज.

दोन हजार तीनला तिकडचं सरकार पडलं. शेरकोनं दुकान विकलं, बापाचं घर परत मिळवायला गेला. काही महिन्यांनी फोन आला. कचेरीत त्याची फाईल निघाली, तिच्यात तो अर्ज. कारकून म्हणाला, घरातून काढलं ते कुर्दांना, तू तर अरब लिहून दिलंयस, सही तुझीच ना? शेरकोनं मला विचारलं, तू लिहिलंस? मी हो म्हटलं. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. म्हणाला, बापानं घर सोडलं पण तो शब्द दिला नाही, आणि तू मला विचारलंसुद्धा नाहीस. फोन ठेवला. मी परत लावला, कितीदा लावला, उचलत नाही.

मुलगा म्हणतो, डॅड, यू वर ओन्ली हेल्पिंग हिम. मी म्हणतो हो रे, मदतच केली. आता कंप्यूटर आलाय, तरी मी प्रत्येक रकाना गिऱ्हाइकाला मोठ्यानं वाचून दाखवतो, मालक चिडतो, यल्ला यल्ला, चल लवकर करतो, करू दे. अल्ला शेरकोला त्याचं घर मिळवून देवो. स्वतःसाठी मी माफी मागत नाही. कयामतला तो म्हातारा समोर आला आणि विचारलंन, माझ्या पोराच्या नावापुढे हे कुणी लिहिलं, तर हात वर करावा लागेल ना.