नाव घेऊन दिलेलं मत

लिव्हून घ्या बाबा, मी मूळची पल्याडची. सीना नदीच्या पल्याड इंग्रजाचं राज, तिथं माझं माहेर, आन अल्याड आष्टीच्या अंगाला निजामाचं राज, तिथं सासर. दोन राजांच्या मधी एवढीशी नदी, उन्हाळ्यात मेंढरू बी खूर न भिजवता पार व्हायचं. माहेराहून येताना करोडगिरीच्या, म्हंजी जकातीच्या, नाक्यावर शिपाई गाठोडं सोडून बघायचा, त्यात काय तर दोन लुगडी आन शेवया, तरी बघायचाच. मला भाऊ न्हवता, म्हनून बाप गेल्यावर पल्याडचं शेत माझ्या नावावर झालं. त्याचा सारा मी भरायची, आन त्याच्यापायीच हे समदं रामायन झालं.

आमचे मालक, म्हंजी माझ्या लेकाचे, धोंडूचे वडील, मेंढरावाले. उंच, खांद्याला घोंगडं, आन थट्टेखोर तर असे की काय सांगू तुमाला. त्या वक्ताला मंदी आलती, लोकरीला कुनी इचारीना, आन त्यात पल्याडच्या डोंगराचं रान सरकारनं राखीव केलतं, मेंढरू आत शिरलं की कोंडवाड्यात. त्याच सालात तिकडं दिल्लीच्या सभेची निवडनूक निघाली. निजामाच्या राज्यात असलं कायी न्हवतं, आमाला कोन इचारतंय. पन पल्याड सारा भरील त्यालाच मत, आन तिथला सारा भरायची मी, म्हनून मताच्या यादीत माझं नाव, मालकाचं न्हाई. झालं, मालकांना खेळ घावला, भाकरी मागायची तर हात जोडून, सरकार, रयतेला भूक लागली.

नगरचे एक वकील उभे व्हते. ते बाजारात म्हनले, मी निवडून आलो तर राखीव रानात मेंढरं सोडायला लावीन. मालक म्हनले, मत ह्यांनाच. पन वकिलाचं नाव आन मालकाचं नाव एकच की वो. आन नवऱ्याचं नाव तोंडानं घेतलं की त्याचं आयुष्य घटतं, हे आमच्यात पक्कं. सासू म्हनली, माझ्या थोरल्या जावेनं रागात घेतलतं, वरसाच्या आत कपाळ पांढरं झालं. मी म्हनलं, मला न्हाई जायाचं, मेंढरं मेली तरी मरू द्या. मालक म्हनले, का गं भितीस, तिथं तोंड कशाला उघडायचं, कागदावर फुली मारायची आन यायचं.

मताच्या दिशी दोघं पल्याड गेलो. यादीत नाव न्हाई म्हनून मालकांना दाराशीच अडवलं. आत टेबलामागं सायेब आन कारकून. कारकून म्हनला, लिव्हता-वाचता येत नसंल तर नाव सांगा, सायेब फुली मारतील. मी म्हनलं, तुमीच वाचा, मी मान हलविते. तो म्हनला, आमी नाव सुचवायचं न्हाई, कायदा हाय, तुमच्याच तोंडून यायला पायजे. कुनाला मत? मी म्हनलं, आमच्या मालकांना. सायेब म्हनले, बाई, तुमच्या मालकाचं तर मत बी न्हाई. समदे हासले. फिरावं तर मेंढरं जात्यात, बोलावं तर कुंकू जातंय. मागं बघितलं तर मालक दारातून म्हनत्यात, घे की, मी काय मरत न्हाई.

मंग आठवलं, लग्नात उखान्यात घेतलतंच की, तवा कुठं कायी झालं. उखान्यातलं नाव देव मोजीत न्हाई. पदर सारखा केला आन खनखनीत म्हनलं,

अल्याड राज निजामाचं, पल्याड इंग्रजाचं रान,
भानुदासरावांचं नाव घेते, मेंढरांवर ठिवा ध्यान.

सायेबाचा हात तसाच ऱ्हायला. कारकून म्हनला, मारा सायेब फुली, नाव आलं. भाईर आले तर मालक हासत व्हते आन डोळे पुसत व्हते.  नदीत उतरताना म्हनले, परत म्हन की एकदा. मी म्हनलं, ते मतापुरतं व्हतं.

वकील दिल्लीला गेले आन आमची मेंढरं कोंडवाड्यात गेली, रान कायी मोकळं झालं न्हाई. पन मालक जल्मभर सांगत फिरले, माझ्या बायकूनं मला दिल्लीला धाडलं. आन आयुष्य म्हनाल तर ऐंशीच्या वर गेले, पनतू खेळविला. मधी-मधी म्हनायचे, उखान्यात न्हाई, साधं घे की एकदा. लई ग्वाड मानूस वो. पन मी न्हाई घेतलं, उगं इषाची परीक्षा कशाला.

परसाल गेले. परवा नातवानं मत द्यायला नेलतं, बोटाला शाई लावली, नाव घे असं कुनी म्हनलं न्हाई. भाईर निघताना सवयीनं दाराकडं बघितलं. तवा म्हनलं, आता कुनाचं आयुष्य घटायचंय, आन हळूच घेतलं, भानुदास. जल्मात पयल्यांदा, साधं. दाराशी कुनी हासलं न्हाई. लिव्हा बाबा, त्यांचं नाव नीट लिव्हा, सुखी ऱ्हा तुमी.